हुकूम न मिळालेला रेडा

फार जुनी गोष्ट. रानात हत्तीबाबा न्याय करीत. सशिणीच्या विनंतीवरून त्यांनी हुकूम दिला, की सकाळी पाणवठ्याची वाट सशांना मोकळी राहील. पाणवठ्याचा अधिकारी होता रेडा. एरवी दुपारी वाटेत लोळणारा हा गडी दुसऱ्या दिवसापासून सकाळीच आडवा पडू लागला. पिल्लं तहानेने सुकली, तशी सशीण पुन्हा न्यायाला गेली.

“हुकूम मला मिळालाच नाही,” रेडा रवंथ करीत म्हणाला.

त्याला हुकूम सांगून आलेला खंड्या सशिणीसोबत होता, पण अधिकाऱ्यापुढे त्या चिमुकल्या पक्ष्याचं कोण ऐकणार?

हत्तीबाबांनी विचारलं, “मग दुपारचं लोळणं सोडलंस का?”

“दुपारी लोळून काय करू?” रेडा म्हणाला. “हुकमात दुपारचं नावच नाही.”

सशिणीने खंड्याला घरी जायला सांगितलं.