खेकड्यांची बिळे

पूर्वी शालवती नगरात राजा महिंधर राज्य करीत असताना बोधिसत्त्व जवळच्या एका गावी पाटकरी होऊन जन्मले. नदीवरच्या बंधाऱ्यातून पाट निघे आणि कोणत्या शेताला किती वेळ पाणी द्यायचे, ते पाटकरी ठरवी. त्याने स्वतः पाटाच्या पाण्याखालची जमीन धरायची नाही, असा जुना दंडक होता. त्याचे पोट गाव चालवी.

बोधिसत्त्वांनी वीस वर्षे चोख पाणी वाटले. एकदा गावचा मुख्य, ग्रामणी भद्रिक म्हणाला, "बाबा, तुम्ही देवमाणूस. पाटाच्या तोंडाशी एक तुकडा घ्या. तुमच्यावर कोण संशय घेणार?" स्तुती कुणाला कडू लागत नाही, त्यांनाही लागली नाही. त्यांनी तुकडा घेतला आणि हरभरा पेरला.

तिसऱ्या वर्षी पाऊस कमी झाला. टंचाईत पाणी आधी टोकाच्या शेताला द्यायची रीत होती, म्हणून त्यांनी तिथल्या सामा नावाच्या शेतकरणीची पाळी पहिली लावली. दोन पाळ्या झाल्या, तरी तिचा जोंधळा वाळतच गेला. ती येऊन म्हणाली, "पाणी पोचतच नाही, बाबा. तुमचा हरभरा मात्र पाळी नसताना हिरवागार. कुंपणानंच शेत खाल्लं तर सांगायचं कुणाला?"

"मी माझ्या शेताकडे पाणी वळवलं नाही, बाई," बोधिसत्त्व दुखावून म्हणाले. ती आपल्या शेताकडे परतली.

मग ते पाट बघत निघाले. खेकडे पाटाच्या काठाला बिळे पाडतात; ती चिखलाने बुजवणे हे पाटकऱ्याचे रोजचे काम. बाकी सगळी बुजलेली होती. त्यांच्या शेतालगतची तेवढी उघडी होती आणि पाणी त्यांतून हरभऱ्यात झिरपत होते. ती बुजवायला ते विसरले नव्हते. उद्या बुजवू, उद्या बुजवू, असे महिनाभर म्हणत आले होते. त्यांना स्वतःची फार लाज वाटली.

त्यांनी बिळे बुजवली आणि उभ्या पिकासह जमीन गावाला परत केली. चौथ्या दिवशी टोकाच्या शेतात भरपूर पाणी पोचले. सामा आदल्याच दिवशी भांडीकुंडी घेऊन गाव सोडून गेली होती. बोधिसत्त्वांनी तिला जन्मभर शोधले; ती सापडली नाही.

एवढे सांगून शास्ता, म्हणजे भगवान बुद्ध, म्हणाले, "भिक्षूंनो, तेव्हाचा ग्रामणी म्हणजे आज माझ्या एकट्याच्या नावे आमराई द्यायला आलेला हा गृहस्थ. पाटकरी मीच होतो. सामा कोण, असे विचाराल. ती या सभेत नाही. म्हणून कोणत्याही गावी गेलो, की मी भिक्षेला टोकाच्या घरापासून निघतो."

त्या जन्मी बोधिसत्त्वांची त्यागपारमिता, म्हणजे त्यागाची परमसाधना, पूर्ण झाली, असे भिक्षू म्हणतात. शास्ता मात्र तसे म्हणाले नाहीत.