पंधरातली एक वीट

"...आणि विसाच्या जागी तीस वर्षं केली, की महिन्याला तीन हजार आठशे वाचतात. मग यात वाईट काय, बाबा?"

लिंबाजीबाबांनी थापीवरचा गारा विटेवर पसरला.

विचारणारे होते संग्राम जगदाळे. साताऱ्यातल्या एका क्लासमध्ये आठवी ते दहावीला गणित शिकवतात. कडक इस्त्रीचा शर्ट, खिशाला दोन पेनं, आणि तोंडावर असा भाव, की देवानंसुद्धा पाढे म्हणताना यांच्याकडून तपासून घ्यावेत.

मी शेजारी गारा कालवत होतो. माझं शिक्षण चौथी. त्यातली तिसरी मी दोनदा केली, बाईंना माझी सवय झाली होती म्हणून. पण माणसाच्या अंगात चढलेली हवा मला साठ पायऱ्या खालूनही कळते, आणि हे सर तर फुग्यासारखे वर आले होते.

टेकडी आमची लहानच. पायऱ्या मोजून साठ. वर बाबा नऊ वर्षं धर्मशाळा बांधतायत, मदतीला मी एकटा. खाली एका भट्टीवाल्यानं विटांचा ढीग टाकून ठेवलाय. रीत अशी, की वर येणाऱ्यानं झेपतील तेवढ्या विटा हातात घेऊन यायचं. आमदार आला तरी विटा घेऊनच येतो, निदान फोटोपुरता.

सर मोकळ्या हातानं आले होते. शर्ट खराब होईल म्हणाले.

घाईतही होते. चार वाजता बँकेत सह्या होत्या. घर दाखवणारा एजंट खाली गाडीत गार वारा खात बसला होता, मांडीवर फाईल आणि पेढ्यांचा पुडा. सरांनी मला न विचारता सगळा फ्लॅट दाखवला, म्हणजे तोंडानं. तीन बेडरूम. सातवा मजला. गच्चीतून अजिंक्यतारा. स्वयंपाकघरात काळा ओटा. कर्ज चाळीस लाख, व्याज नऊ टक्के. सल्ला नको, बाबांचा हात डोक्यावर पडला की झालं, असं ते तीनदा म्हणाले. ज्याला सल्ला नको असतो तो प्रश्न कशाला विचारतो, हे मला आजवर कळलेलं नाही.

"बाबा... ऐकताय ना?"

"तुझ्याबरोबर कोणी आलंय?"

आली होती. मेघना, सरांची बायको. ती मागं राहिली होती, कारण तिनं रीत पाळली. दोन्ही हातांत चार विटा घेऊन ती शेवटच्या पायरीवर आली, विटा नीट रचून ठेवल्या, पदरानं कपाळ पुसलं. मग बाबांना वाकून नमस्कार केला.

ती कराडच्या एका लॅबमध्ये रक्त तपासते. पहाटे पाचला उठते, एसटीनं जाते, रात्री आठला घरी. हे तिनं नाही सांगितलं, सरांनीच सांगितलं, कौतुकानं. आणखी दोनच वर्षं, मग नोकरी सोडून आपल्या गल्लीत स्वतःची लॅब टाकायची, असं दोघांचं ठरलेलं. जुना सूक्ष्मदर्शक तिनं घेऊनही ठेवलाय, उशीच्या खोळीत गुंडाळून कपाटावर.

बाबांनी तिला विचारलं, कर्ज किती वर्षांचं?

"वीस."

सर अजिंक्यताऱ्याकडं बघायला लागले. तो कुठं जाणार होता काय?

"वीस होतं," सर हळूच म्हणाले. "परवा एजंटनं... तीस करून दिलं. हप्ता कमी बसतो गं. तुला सांगणारच होतो."

मेघना विटांची धूळ तळहातावरून झटकत राहिली. बराच वेळ झटकली. एवढी धूळ नव्हती.

बाबांनी थापी बाजूला ठेवली.

"मास्तर, पहिल्या हप्त्यातलं तुझ्या घराला किती लागतं?"

सर हसले. चक्रवाढ व्याज मी आठवीला शिकवतो, म्हणाले. मग कोळसा मागितला. मी चुलीतला एक दिला, अजून कोमट होता, मुद्दामच दिला. सर जरा नाचले. नवीन गिलावा केलेल्या भिंतीवर त्यांनी लिहायला सुरुवात केली. अक्षर मोत्यासारखं, हे कबूल.

चाळीस लाखाला नऊ टक्के म्हणजे वर्षाचे तीन लाख साठ हजार. बाराने भागले, महिन्याचं व्याज तीस हजार. तीस वर्षांचा हप्ता बत्तीस हजार एकशे पंच्याऐंशी.

आता वजाबाकी. तिसरीतली. मी दोनदा शिकलेली.

सरांनी खाली रेघ मारली आणि कोळसा तसाच हवेत धरला.

"किती रे?" बाबा.

"दोन हजार... एकशे पंच्याऐंशी."

"बत्तीस हजारातले?"

"...हो."

मंडळी, तुम्ही हसू नका. तुमच्यापैकी अर्ध्यांचा हप्ता चालू आहे आणि ही वजाबाकी तुम्हीही केलेली नाही. मला माहीत आहे, कारण आमच्या टेकडीवर येणाऱ्या पन्नास जणांना मी नंतर विचारलं. एकोणपन्नास जण म्हणाले, हप्ता किती ते पाठ आहे. पन्नासावा हप्ता विसरला होता.

"म्हणजे पंधरा विटांतली एक तुझी," बाबा म्हणाले. "जा. पंधरा आण."

सरांना वाटलं थट्टा आहे. माझ्याकडं बघितलं. मी मान हलवली, म्हटलं इथं थट्टा मी करतो, बाबा नाही. सर म्हणाले, बरं, आणतो, पण मेघनाला बसू द्या, ती दमलीय.

"सही कोणाकोणाची आहे?" बाबांनी विचारलं.

"दोघांची. पण तिची नुसती नावापुरती हो. सहकर्जदार."

"मग तीपण नावापुरतं चालू दे."

गेले दोघं. तीन फेऱ्या झाल्या. मी पायरीवर बसून मोजत होतो, फुकटची करमणूक कोण सोडतं? पहिल्या फेरीत सर पुढं होते आणि गणितावर बोलत होते. दुसऱ्या फेरीत मेघना पुढं होती आणि कुणीच बोलत नव्हतं. तिसऱ्या फेरीला सरांचा शर्ट विटेच्या रंगाचा झाला होता आणि खालून एजंट ओरडून विचारत होता, की जगदाळे सर, तुम्हाला कामाला लावलंय का?

पंधरा विटा बाबांच्या पायाशी आल्या.

बाबांनी त्यातली एक उचलली. पाण्यात बुडवली. गाऱ्यावर बसवली, थापीच्या मुठीनं दोनदा ठोकली. मागं सरून तिच्याकडं बघितलं, बापानं लेकाकडं बघावं तसं.

मग म्हणाले, "चौदा खाली ठेवून या."

"खाली?"

"ज्याचा ढीग, त्याच्या ढिगात."

आता सर भडकले. मला फार बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. म्हणाले, हा काय न्याय झाला, एवढी साठ पायऱ्यांची ओझी वाहिली, भिंत एका विटेनं वाढली, आणि उरलेली पुन्हा मीच खाली न्यायची? मग मी एकच आणली असती.

"एक आणायला तुझ्याकडं वीट कुठं होती?" बाबा म्हणाले.

...

मेघनानं वाकून तीन विटा उचलल्या आणि निघाली. सर तिच्या मागून.

चौदा विटा खाली पोचल्या. दोघं परत वर आले तेव्हा घामानं निथळत होते, पण सरांच्या डोळ्यांत काहीतरी पेटलं होतं. माणूस गणिताचा. त्याला लागलं ते ओझं नव्हतं, वजाबाकी लागली होती. मला बाजूला सारून त्यांनी सरळ भिंत धरली.

आणि मग जे सुरू झालं ते बघायला तुम्ही पाहिजे होता. बत्तीस हजार एकशे पंच्याऐंशी गुणिले तीनशे साठ. एक कोटी पंधरा लाख शहाऐंशी हजार सहाशे. सर मोठ्यानं वाचत होते आणि आवाज दर आकड्याला चढत होता. चाळीस लाखाला एक कोटी पंधरा लाख. वीस वर्षं धरली तर शहाऐंशी लाख सदतीस हजार. म्हणजे ते महिन्याचे तीन हजार आठशे वाचवायला साडेएकोणतीस लाख जास्त जात होते. साडेएकोणतीस लाख, बाबा. आणि वर व्याजदर वाढला, तर हे लोक हप्ता वाढवत नाहीत, मागच्या बाजूनं वर्षं वाढवतात. माणसाला पत्ता लागत नाही. मी दरवर्षी पोरांना हे शिकवतो आणि मला कुणी...

गारा सुकत चालला होता. मी कालवायचं विसरलो. काय सांगू, मलाही चढली होती. गणितात एवढी गंमत असते हे बाईंनी सांगितलं असतं तर मी पाचवीला गेलो असतो.

सरांनी भिंतीचा दुसरा कोपरा धरला. आता पंधरा वर्षं. हप्ता चाळीस हजार पाचशे एकाहत्तर. एकूण त्र्याहत्तर लाख तीन हजार, जवळजवळ. वजा केलं. खाली दोन रेघा मारल्या, एक पुरली नाही.

"बेचाळीस लाख त्र्याऐंशी हजार वाचले," सर म्हणाले. श्वास लागला होता. "तोच फ्लॅट. तोच ओटा. नुसती मुदत अर्धी केली, बाबा, आणि बेचाळीस लाख. कोणी सांगत नाही हे. एजंट सांगत नाही, बँक सांगत नाही."

"हप्ता झेपेल?" मी विचारलं. मधे बोलायची माझी जुनी खोड.

झेपेल की, म्हणाले. त्यांचा पगार बेचाळीस हजार, तो सगळा हप्त्याला. घरखर्चाला मेघनाचा आहेच. चोवीस हजार येतात तिचे. जरा ओढाताण होईल, पण पंधरा वर्षं काय, अशी जातात. त्यांनी चुटकी वाजवली. बोटं काळी होती, वाजली नाही.

मेघना कठड्यावर बसली होती. खाली स्टँडकडं जाणारी एसटी दिसत होती, तिच्याकडं बघत होती.

"मुदत," सर भिंतीला म्हणाले, "सगळी चूक मुदतीत होती." मग बाबांकडं वळले, हात जोडले. गुडघ्याला माती, गालावर कोळसा, पण पुन्हा फुगा भरला होता, आता तर आधीपेक्षा जास्त. आपण तुम्हाला समजलो नव्हतो, म्हणाले. पंधरा विटांत तुम्ही मला अख्खं व्याज शिकवलं. आता घराची खरी किंमत कळली, अगदी रुपयापर्यंत. आता सही करायला भीती नाही. आता आशीर्वाद द्या.

खाली एजंटनं हॉर्न वाजवला.

बाबांनी भिंतीवरचे सगळे आकडे वाचले. बाबांना वाचता येतं की नाही हे नऊ वर्षांत मला कळलेलं नाही, पण वरपासून खालपर्यंत बघितले, सावकाश, एकही न सोडता. दोन रेघांवर बोट ठेवलं.

मग कठड्याकडं वळले.

"पोरी, तुझं वय काय?"

"बत्तीस," मेघना म्हणाली.

सरांची मान जागच्या जागी थांबली. गणिताच्या माणसाला बेरीज करायची नसली तरी ती होते. ओठ हलले. एकदा पंधरा मिळवले असावेत, एकदा तीस; दोन वर्षांनंतरची लॅब कुठल्याच बेरजेत बसत नव्हती. मग त्यांनी बायकोकडं बघितलं, आणि मला वाटतं त्या दुपारी पहिल्यांदाच बघितलं.

हॉर्न पुन्हा वाजला. सरांच्या खिशातला फोनही वाजायला लागला. वाजत राहिला. कुणी उचलला नाही. मीसुद्धा काही बोललो नाही, आणि ही गोष्ट टेकडीवर अजून सांगतात.

सरांच्या हातातून कोळसा पडला होता. बाबांनी वाकून तो उचलला, फुंकर मारली, आणि त्यांच्या तळहातावर परत ठेवला.

"तेवढं कुठं मांडायचं राहिलंय, बघ."