उत्सवाचे सात हंडे

निवांतमहाराज त्या चैत्रात कासवलीस मुक्कामाला होते. खाडीकाठचे गाव, मधोमध लक्ष्मीकेशवाचे देऊळ आणि समोरच्या धर्मशाळेच्या ओट्यावर महाराज. त्यांना कोणी कधी घाईत पाहिले नव्हते. पाया पडायला आलेल्याला आशीर्वादाआधी ‘जेवलास का?’ असे विचारीत.

देवस्थानाची वहिवाट, म्हणजे पूजेपासून उत्सवापर्यंतचा सारा कारभार, सात पिढ्या खांबेट्यांच्या घरात होती. विसाजीपंत खांबेटे बोलायला हळू, द्यायला मोकळे. त्यांच्या आजोबांनी देवाच्या नावे तांब्याचे सात मोठे हंडे घडवून घेतले आणि नियम घातला, की गावात कार्य कुणाचेही असो, मागेल त्याला हंडे द्यावेत. जात विचारू नये, भाडे घेऊ नये. निम्म्या गावाची लग्ने त्या हंड्यांवर पार पडली. ज्यांची पडली तेच पुढे त्या नियमाला नावे ठेवीत. जेवून झाले की भांड्याचा काळेपणा माणसाला दिसू लागतोच.

त्या वर्षी तरीवर होडी वल्हवणाऱ्या सगुणा भोयणीने लेकीच्या लग्नाला, दशमीसाठी, हंडे मागितले. पंतांनी देवापुढचे फूल तिच्या हातावर ठेवून शब्द दिला. लग्न चार दिवसांवर आले आणि ती धापा टाकीत वाड्यावर आली.

“पंतानू, खाडीत गाळ भरलाय. वऱ्हाडाच्या होड्या उधाणाबिगर आत येत न्हाईत. लगीन पुनवेला गेलं.”

पौर्णिमेला देवाचा उत्सव. चारशे पानांचा महाप्रसाद, आणि तो याच हंड्यांत रांधायची रीत. पंत बोटांवर तिथी मोजू लागले.

“ऱ्हाऊ द्या. मी दुसरीकडं बघते,” सगुणा म्हणाली.

“दुसरीकडे म्हणजे खोतांकडे?”

एवढी मोठी भांडी गावात आणखी फक्त रावजी खोतांच्या माडीवर होती, आणि ती जिना उतरलेली कुणी पाहिली नव्हती.

“लेकीच्या लग्नाला शब्द दिलाय, सगुणे. हंडे येतील.”

दुसऱ्या दिवशी सभामंडपात खोतांनी पंतांना मानकऱ्यांसमोर गाठलेच. “काय हो पंत, यंदा देवाला पळीत शिजवून वाढणार वाटतं?”

मानकरी हसले. हसण्यात सर्वांत पुढे ते, ज्यांचे खोतांकडे काम अडले होते.

“नैवेद्य चुकला, की वहिवाट तुमची राहत नाही,” खोत म्हणाले. “मग हे हंडे कुणाकुणाच्या दारात जातात ते मी बघतो.”

“ते पौर्णिमेनंतर बघा,” पंत म्हणाले. “तोवर वहिवाटदार मी आहे.”

पंतांनी घरोघर हिंडून पातेली मागितली. खोतांच्या धाकाने कुणी दिली नाहीत. शेवटी ते महाराजांपुढे बसले.

महाराज म्हणाले, “जेवलास का?”

“घास उतरत नाही, महाराज.”

“हंडे कुणाचे?”

“देवाचे.”

“शब्द कुणाच्या नावाने दिलास?”

“देवाच्याच.”

“मग तू हंडे पोचव. उरलेलं ज्याचं त्याला करू दे.”

चतुर्दशीला पंतांनी सातही हंडे गाडीत घालून सगुणाच्या दारी उतरवले आणि स्वतः चुलाणावर चढवून दिले. घरी येऊन महाप्रसादाचा शिधा निवडला, मापून पोती भरली. शिजवायचे कशात, हे ठाऊक नव्हते. तरी एक खडा राहू दिला नाही.

पौर्णिमेला पालखी गाव फिरून तिठ्यावर आली. उजवी वाट देवळाकडे, डावी खाडीकडे. भोई उजवीकडे वळले आणि पालखी जड झाली. आठ जण घामाघूम, पाऊल सरकेना.

“हरामखोरांनो, सकाळपासून खाल्लं नाहीत काय?” म्हणत खोतांनी स्वतःचा खांदा दिला. दणकट माणूस, पण गुडघे वाकले, चेहरा काळानिळा झाला.

महाराज शांतपणे पुढे आले. म्हणाले, “रावजी, त्याला जायचंय तिकडे तोंड करा की.”

दांडी डावीकडे वळवली आणि काय सांगावे, पालखी फुलाच्या परडीसारखी हलकी झाली! ती थांबली थेट सगुणाच्या मांडवात, सात हंड्यांपुढे.

हंडे देवळात कसे आणावेत, यावर गाव आठ दिवस बोलत होते. शिधा हंड्यांकडे न्यावा, हे एकाही शहाण्याला सुचले नव्हते. पंतांनी गाडी जुंपली. भरतीबरोबर वऱ्हाड उतरले, अक्षता पडल्या, तोवर उत्सवाचा भात रटरटू लागला. देवाला नैवेद्य त्याच दिवशी, त्याच हंड्यांतला दाखवला.

खोत महाराजांच्या पायांवर कोसळले. महाराजांनी पाय मागे घेतले. “माझ्यासाठी कुठे वळला तो? ज्याच्या शब्दासाठी वळला, त्याला गाठ.”

पंत पानांवर पाणी शिंपडत होते. खोतांना वाकलेले पाहून ते ओशाळले. “उठा हो खोत. पंगत खोळंबलीय. भात घ्या वाढायला.”

खोतांनी जन्मात वाढले नव्हते. भाताचे घमेले घेऊन ते पहिल्या पानापुढे उभे राहिले, मग खाली वाकले. पान सगुणाचे होते. तिथून पंगतीच्या टोकापर्यंत, वऱ्हाडी, गावकरी, भोई, कुणाचेही पान न चुकवता रावजी खोत वाकत गेले.