शंखनाथाची सुनावणी

एका राज्यात न्यायाला तीन पायऱ्या होत्या. पहिली पायरी गावच्या वडाखाली. तिथे गोतसभा बसे आणि विचारी, काय घडलं? साक्षी, शपथा, रडारड, काय ती तिथेच. दुसरी पायरी परगण्याची चावडी. ती घडल्या गोष्टीत नाक खुपशीत नसे. ती एवढंच विचारी, की खालच्यांनी नीट ऐकून घेतलं का? तिसरी पायरी राजधानीची धर्मसभा. तिथे खुद्द राजा बसे आणि विचारी, धर्म काय सांगतो?

आणि रीत अशी, की तंट्याचा निवाडा गोतसभेत झाला की वडाखालची मूठभर माती फडक्यात बांधून मिळे. चावडीने कान दिला की तिथल्या आडाचं गडूभर पाणी मिळे. ती माती त्या पाण्यात मळून धर्मसभेत ठेवायची. त्या ओल्या गोळ्यावर राजाने अंगठा उमटवला, की निवाडा पक्का. गोळा वाळला की भिंतीतल्या कोनाड्यात जाई. माती नाही, पाणी नाही, तर अंगठा उमटवणार कशावर, डोंबलावर?

असं सगळं सुरळीत चाललं होतं. मग राज्याला शाप लागला. कोणाचा, ते कळेलच. जरा दम धरा.

शाप असा होता, की कुठल्याही पायरीवर आरोपी बोलायला उभा राहिला की त्याचा आवाज जाई. ओठ हलत, गळ्याच्या शिरा फुगत, पण शब्द बाहेर पडत नसे. फिर्यादीचं मात्र लख्ख ऐकू येई. मग निवाडा काय होणार, हे सांगायला ज्योतिषी कशाला हवा? आणि निवाडा झाला की आरोपीच्या पायाच्या नखांपासून दगड चढू लागे. घोटा, गुडघा, कंबर, छाती. दगड ओठांवर पोचला की माणसाचा खांब होई. डोळे तेवढे ओले राहत. गावोगावच्या वडाखाली असे खांब उभे होते. उन्हात त्यांना घाम फुटे, आणि बायका जाता-येता तो पदराने पुसत. नव्या सुना आधी घाबरत, मग त्याही पुसू लागत. माणसाला कशाचीही सवय होते, जळो ती सवय!

त्या राज्यात काजळवड नावाचं गाव होतं. तिथे बाणाजी तेली आणि त्याची बायको म्हाळसा, दोघं मिळून घाणा चालवीत. एके दिवशी शेजारच्या पिराजीचा बैल मेला. पिराजी छाती बडवीत गोतसभेत गेला आणि म्हणाला, "बाणाजीने पेंडीत विष घातलं." बाणाजी उभा राहिला. त्याचे ओठ हलले. पुष्कळ वेळ हलले. गोतसभेने वाट पाहिली, खाली पाहिलं आणि निवाडा दिला. बाणाजीची नखं पांढरी पडली आणि पाय जमिनीला चिकटले.

म्हाळसेने कपाळ बडवून घेतलं नाही. तिने पदर खोचला, नवऱ्याला म्हणाली, "धनी, मी राजालाच गाठते," आणि थेट राजधानीची वाट धरली.

राजधानीत धर्मसभेची इमारत होती, पण तिला दार नव्हतं. म्हाळसा चहूबाजूंनी फिरली. नुसती भिंत. माणसं तिच्या शेजारून येत, भिंतीत शिरत, आणि भिंत त्यांच्या मागे मिटत असे. ती मात्र हात लावी तिथे गार दगड लागे. तो दगड आतून श्वास घेत होता.

भिंतीवर एक भारद्वाज पक्षी बसला होता. तो म्हणाला, "बाई, दार शोधतेस?"

"हो. राजाला भेटायचंय."

"माती कुठे आहे? पाणी कुठे आहे?"

"ते गोळा करत बसायला वेळ कुणाला आहे? तिकडे माझा नवरा दगड होतोय!"

"घाई," भारद्वाज म्हणाला. "अशाच एका घाईचं मढं या भिंतीत पुरलेलं आहे. माझा जन्म काजळवडच्या वडावरचा. मी ते पाहिलंय. परत जा. पायरीने ये. मी सोबत येतो."

म्हाळसा मुकाट्याने परतली. चूक तिची होती, आणि तिची किंमत बाणाजीच्या पायांनी मोजली: ती पोचली तेव्हा दगड कंबरेला आला होता. त्याने तिच्याकडे पाहिलं आणि काही बोलायला तोंड उघडलं. आवाज नाही. तिने दोन्ही हातांनी त्याचं तोंड धरलं आणि रडली. मग डोळे पुसून गोतसभेचे मुख्य कोंडाजीबाबा यांच्या पुढ्यात गेली.

"बाबा, माती द्या. मला वर जायचंय."

कोंडाजीबाबांनी वडाखालची माती फडक्यात बांधली. "पोरी," ते म्हणाले, "आरोपी बोलू लागला की मी पायाकडे बघतो. मला त्याचे ओठ बघवत नाहीत."

"पायापासूनच तर दगड चढतो, बाबा," म्हाळसा म्हणाली, आणि निघाली.

परगण्याच्या चावडीवर तीन पंडित ओळीने बसले होते. त्यांचे चेहरे इतके सारखे, की कोण बोललं ते कळू नये. त्यांनी बैलाचं विचारलं नाही, पेंडीचं विचारलं नाही.

"खाली ऐकलं का?"

"नाही ऐकलं, महाराज. ओठ हलले, आवाज नाही आला."

"सगळ्यांचं तसंच होतं."

"मग सगळ्यांवरच अन्याय होतो!"

"सगळ्यांचं तसंच होतं, म्हणजे तीच रीत झाली," एक पंडित म्हणाला. "रीतीला चूक कशी म्हणावी?" दुसरा म्हणाला. पण ऐकून घेतलं म्हणून रीतीप्रमाणे तिसरा उठला, आडात घागर सोडली, गडूभर पाणी तिच्या हातात दिलं आणि परत जागेवर बसला. घागर वर येताना आडातून शेकडो माणसं एकदम कुजबुजल्यासारखा आवाज आला. पंडितांनी तो ऐकलाच नाही. म्हाळसेने मात्र ऐकला.

या खेपेला धर्मसभेला दार होतं. आत खांबांची एवढी दाटी, की वाट काढायला अंग चोरावं लागे. प्रत्येक खांबाला डोळे. ते सगळे डोळे तिच्या हातातल्या फडक्याकडे वळले. मधे सिंहासनावर राजा इंद्रकेतू बसला होता. फार म्हातारा झाला होता बिचारा, पण मरण त्याच्याकडे फिरकत नव्हतं.

म्हाळसेने माती पाण्यात मळली. गोळा केला. पाटावर ठेवला. राजाने सवयीने अंगठा पुढे केला.

"थांबा, महाराज," भारद्वाज म्हणाला. "आधी मागे वळून कोनाडे पाहा."

राजा वळला नाही. सभाही वळली नाही. म्हाळसा मात्र वळली. भिंतभर कोनाडे, आणि प्रत्येकात वाळलेला गोळा. एकच कोनाडा रिकामा होता. त्याच्या तळातून ओल झिरपत होती, आणि ओलीचा ओघळ माणसाच्या आकाराचा होता.

"महाराज, हा कोनाडा कोणाचा?"

राजा म्हणाला, "शंखनाथ नावाच्या मांत्रिकाचा. मी तरणा होतो. काजळवडला शिकारीचा तळ पडला होता. माझी नागमण्याची अंगठी नाहीशी झाली, आणि सैनिकांनी त्याला धरून आणला. वड समोरच होता. गोतसभा बोलावली असती तर दिवस मोडला असता, आणि मला शिकारीला उशीर होत होता. मी तंबूतच निवाडा दिला. माती नव्हती, म्हणून अंगठा त्याच्या कपाळावर उमटवला. मग त्याला या भिंतीत चिणला."

"तो काही म्हणाला?"

"म्हणाला, माझं ऐक. मी म्हटलं, वेळ नाही. तेव्हा तो म्हणाला, तर मग यापुढे तुझ्या राज्यात कोणाचंच ऐकू येणार नाही."

"आणि त्याला सांगायचं काय होतं?"

राजाच्या डोळ्यांत पाणी आलं. "तेच तर मला ठाऊक नाही, बाई. डोळे मिटले की त्याचे ओठ दिसतात. हलतात. मरणसुद्धा मला सोडून गेलंय, ते उत्तर कळेपर्यंत."

म्हाळसा हात जोडून म्हणाली, "महाराज, इथे धर्म विचारायचा असतो ना? मी विचारते. ज्याचं ऐकलंच नाही, त्याचा निवाडा होतो का?"

"होत नाही," राजा म्हणाला.

"मग शंखनाथाचा झालेला नाही. त्याला पुन्हा खाली पाठवा. वडाखाली."

भारद्वाज म्हणाला, "नीट विचार कर, बाई. गोळा एकच आहे, आणि एका गोळ्यावर एकच अंगठा. हा शंखनाथाला दिलास, तर बाणाजीसाठी तुझ्या हातात काही उरणार नाही."

म्हाळसेने गोळ्याकडे पाहिलं. तिची बोटं त्याच्यावर घट्ट मिटली. काय सांगू, त्या वेळी तिला साऱ्या राज्याचा, सगळ्या खांबांचा आणि त्या मांत्रिकाचाही राग आला. दगड आता बाणाजीच्या छातीवर असेल. पण ‘ऐकलं नाही, परत ऐका’ असा अंगठा बाणाजीसाठी उमटला तरी त्याला पुन्हा त्याच वडाखाली उभं राहायचं, पुन्हा मुक्यानेच ओठ हलवायचे. त्यातून काय निघणार होतं? तिने बोटं उघडली.

"शंखनाथासाठी," ती म्हणाली.

राजाने अंगठा उमटवला. भिंत दुभंगली. आतून शंखनाथ बाहेर आला. तो कंबरेखाली दगड होता, वर माणूस. कपाळावर अंगठ्याची खूण ओली होती, जणू आत्ताच उमटवलेली. तो सरळ चालू लागला.

चावडीपाशी तो थांबला. तिन्ही पंडित उभे राहिले, त्यांनी एकमेकांकडे पाहिलं, आणि पहिल्यांदाच तिघांचे चेहरे वेगवेगळे दिसले. "खाली ऐकलं नाही," तिघं म्हणाले. "खाली न्या." मग पुन्हा वाट. पुढे दगडी पावलं, मागे म्हातारा राजा, त्याच्या मागे म्हाळसा. वाटेतल्या गावांनी दारं लावून घेतली. कुत्रीही भुंकली नाहीत.

काजळवडला दगड बाणाजीच्या हनुवटीला पोचला होता.

गोतसभा बसली. फिर्यादीने अनवाणी मातीवर उभं राहायचं, अशी रीत. कोंडाजीबाबा चाचरत म्हणाले, "महाराज, जोडे..." राजाने जोडे काढले. अंगठी चोरीला गेली, ती परत मिळाली नाही, एवढंच तो बोलला. मग कोंडाजीबाबांनी मान वर केली. या खेपेला ते पायांकडे पाहत नव्हते.

"शंखनाथा, तुला काय सांगायचंय?"

सगळे त्याच्या ओठांकडे पाहत राहिले. आवाज येणार नाही, हे सगळ्यांना ठाऊक होतं. भारद्वाज हळूच म्हणाला, "शाप देणाऱ्याला शाप बाधत नाही. त्याला आजवर कोणी विचारलं नव्हतं, एवढंच."

शंखनाथ बोलला. आवाज धुळीने भरलेला होता, पण ऐकू आला.

"चोरली," तो म्हणाला.

सभेत खळबळ उडाली. या चोरट्यापायी म्हाळसेने नवऱ्याचा गोळा दिला होता!

"मणी पाहिला आणि मोह झाला," शंखनाथ म्हणाला. "अंगठी या वडाच्या ढोलीत टाकली. लगेच पस्तावलो. तंबूत मला हेच सांगायचं होतं. चोरली, इथे आहे, घ्या."

पिराजीने ढोलीत हात घातला. अंगठी निघाली. राजा ती हातात घेईना.

कोंडाजीबाबांनी पंचांशी मसलत केली. "चोरी कबूल. वस्तू परत. अशा गुन्ह्याला आमच्या गोतसभेत एकच शिक्षा आहे," ते म्हणाले. "वर्षभर देवळात पाणी भरायचं."

शंखनाथाने त्यांच्याकडे पाहिलं, मग राजाकडे पाहिलं. "एवढीच होती?" त्याने विचारलं.

"एवढीच," कोंडाजीबाबा म्हणाले.

राजा मटकन खाली बसला आणि लहान मुलासारखा रडला. शंखनाथाने कपाळावर हात फिरवला. खूण पुसली गेली, आणि पाठोपाठ तोही मातीत मिसळून गेला. ते वर्षभराचं पाणी मग कोणी भरलं, ते मला विचारू नका. राजधानीत वर्षभर सिंहासन रिकामं होतं, एवढं खरं. आणि वर्ष सरल्यावर राजाला सुखाचं मरण आलं, हेही खरं.

इकडे राज्यभरचे खांब तडकू लागले. वडाखालचे, चावडीवरचे, धर्मसभेतले. दगडाचे पोपडे पडले आणि आतून माणसं निघाली. आणि निघाली ती सगळी एकदम बोलत! मी नव्हतो तिथे, मला विचारा, त्या म्हशीला आधीच खोड होती! असा कालवा माजला, की देवळातली पाखरंही उडून गेली.

"गप्प बसा!" कोंडाजीबाबा ओरडले. "एकेकाने बोला. सगळ्यांचं ऐकू. आता बाणाजी तेली."

बाणाजीचे पाय मोकळे झाले होते, पण त्याला उभं राहवेना. म्हाळसेने आधार दिला. पिराजीने फिर्याद पुन्हा सांगितली. मग कोंडाजीबाबांनी विचारलं, "बाणाजी, तुला काय सांगायचंय?"

बाणाजीने तोंड उघडलं. घाबरून मिटलं. परत उघडलं.

"म्हाळसे," तो म्हणाला.

म्हाळसा हुंदका आवरू शकली नाही. एक पंच खाकरून म्हणाले, "बाबा, याचा बैलाशी काय संबंध?"

"असू दे," कोंडाजीबाबा म्हणाले. "त्याला बोलू दे."

मग बाणाजीने सगळं सांगितलं. बैल दावं तोडून कोवळ्या ज्वारीत शिरला होता, जनावराला विषासारखे बाधतात ते फुटवे खात होता, आणि बाणाजी त्याला हाकलायलाच धावला होता. पिराजीने डोकं खाजवलं. "दावं तुटलेलं होतं खरं," तो म्हणाला. "मला वाटलं, मरताना तोडलं." आणि त्याने सगळ्यांदेखत बाणाजीचे पाय धरले.

निवाडा केव्हाच झाला, तरी बाणाजी बोलतच होता. पेंडीबद्दल, घाण्याबद्दल, दगड गुडघ्यावर आला तेव्हा काय वाटलं त्याबद्दल. पंच जांभया देऊ लागले, पण कोणी त्याला थांबवलं नाही. म्हाळसा त्याच्या पायांशी मातीत बसली होती, आणि तिने त्याचा एकही शब्द खाली पडू दिला नाही.

सांगणाऱ्याची जीभ आणि ऐकणाऱ्याचे कान शाबूत राहोत. आमचं सांगून झालं; आता तुमचं काय असेल ते सांगा.