खोडलेला ‘मधुर’

एकदा एका वृद्ध संपादकांनी आपल्या शिष्याच्या लेखावर लाल शाई अशी चालवली की तो कागद पाहून त्या तरुणाचा चेहराच उतरला. संपादकांना सारे तात्या म्हणत. मिरजेत, तंबोरे-सतारी घडवणाऱ्या कारागिरांच्या गल्लीजवळ, त्यांच्या मासिकाची लहानशी कचेरी होती. तंतुवाद्यांवर जीव असलेल्यांसाठीच ते मासिक निघे. दुसरा विषय त्यात नसे. शिष्याचे नाव निरंजन. एका नव्या तंबोऱ्यावर त्याने मन ओतून लिहिले होते, आणि तात्यांनी त्यातले ‘मधुर’, ‘सुरेल’, ‘अवीट’, ‘स्वर्गीय’ असे सगळे शब्द खोडून टाकले होते. उरली होती तंबोऱ्याची उंची आणि घडवणाऱ्याचे नाव.

“तात्या, वाद्य गोड वाजतं तर गोडसुद्धा म्हणायचं नाही?” निरंजनचा आवाज चढला. “मग माझं इथे काय काम? दुसरीकडे नोकरी बघतो मी.”

“बघ की,” तात्या शांतपणे म्हणाले. “पण नवा अंक आज एका वाचकांना नेऊन द्यायचाय. तेवढं माझ्याबरोबर चल.”

दोघे गावाच्या टोकाला एका कौलारू घरी पोचले. दार उघडेच होते. आत एक वृद्ध बाई भाजी निवडत बसल्या होत्या. निरंजनने ‘नमस्कार’ म्हटले; त्यांनी मान वर केली नाही. तात्या पुढे होऊन त्यांच्या नजरेसमोर उभे राहिले, तेव्हा त्यांचा चेहरा उजळला. अंक हातात घेऊन त्यांनी तो आधी कपाळाला लावला.

तात्यांनी कोनाड्यातली पाटी काढून लिहिले, ‘हा निरंजन. नव्या तंबोऱ्यावर लिहितोय.’

“ये रे, बैस,” बाई म्हणाल्या. “मी कुमुदिनी. गाणं शिकवायचे मी. मग एक ताप आला, तो दोन्ही कान घेऊनच गेला. आता ढग गडगडला तरी कळत नाही.”

निरंजन चकित झाला. ज्यांना काहीच ऐकू येत नाही, त्या बाई वाद्यांचे मासिक वाचतात? कशासाठी?

बाईंनी कोपऱ्यातला तंबोरा त्याच्यापुढे आडवा ठेवला. “छेड,” म्हणाल्या, आणि भोपळ्यावर कपाळ टेकून त्यांनी डोळे मिटले.

निरंजन तारा छेडू लागला. त्याच्या कानाला तंबोरा सुरात लागलेला वाटत होता. पण बाईंच्या कपाळावर आठी उमटली.

“जोडीच्या दोन तारा एक झाल्या नाहीत अजून. हेलकावा येतोय लाकडात.”

त्यांनी चाचपडत एका तारेत ओवलेला, सूर बारीक जुळवायचा मणी किंचित सरकवला, पुन्हा कपाळ टेकले, पुन्हा केसभर सरकवला. “हं. थांबला.”

आणि तो थांबल्यावरच निरंजनला कळले की मघापासून नादात एक मंद हेलकावा होता. त्याच्या धडधाकट कानांतून तो निसटून गेला होता. त्याच्या अंगावर काटा आला. तारांवरचा हात मात्र त्याने थांबवला नाही. थांबवणे अपराध वाटले असते.

मग बाईंनी षड्ज लावला. स्वतःचा आवाज त्यांना ऐकू येत नव्हता. एक तळवा छातीवर, कपाळ भोपळ्यावर. सूर प्रथम जरासा खाली होता, तो वर सरकला, आणि छातीतला कंप लाकडातल्या कंपाला भेटला त्या क्षणी स्थिर झाला. खोलीत कुठे बाई संपतात आणि कुठे तंबोरा सुरू होतो, हे सांगता आले नसते. निरंजनचे डोळे भरून आले.

बऱ्याच वेळाने बाईंनी मान उचलली. “आता तू सांग. तुझ्या त्या नव्या तंबोऱ्याचा खर्ज कुठे घुमतो? भोपळ्याच्या पोटात राहतो, की दांडीत चढतो? विरताना एकदम सुटतो, की हळूहळू निघून जातो?” त्यांनी पाटी त्याच्या हाती दिली. “सगळं लिही हं. वाचताना मी माझ्या या तंबोऱ्यावर हात ठेवते आणि इथे नसलेला तो तंबोरा याच्यात शोधते.”

निरंजनने खडू उचलला. त्याला एकच शब्द आठवत होता, आणि तो इथे कुठल्याच उपयोगाचा नव्हता.

परतताना तात्या म्हणाले, “तुझं म्हणणं खोटं नव्हतं. पण ‘मधुर’मध्ये तुला झालेलं सुख आहे, वाद्य कुठंय? ज्याला ऐकू येतं तो दुकानात जाऊन ऐकेल. आपल्या शब्दांवाचून त्याचं अडत नाही. ज्याच्यापर्यंत नाद पोचूच शकत नाही, त्याच्या हाती काय पडलं, हे पाहून लिहावं.”



दुसऱ्या दिवशी निरंजन त्या तंबोऱ्याच्या कारागिराकडे गेला. कानांत कापसाचे बोळे घालून त्याने तो नवा तंबोरा कवटाळला आणि खर्जाची तार छेडली. कारागीर हसत काहीतरी म्हणाला. ते त्याला ऐकू आले नाही. त्याच्या बरगड्यांपाशी, लाकडाच्या आत खोल, काहीतरी जागे झाले होते आणि सावकाश वर येत होते. ते कुठवर येते, हे पाहत तो श्वास रोखून बसून राहिला.