आतली फेरी

मळणीच्या वेळी खळ्यावर बैल कसे फिरतात, पाहिलंय का तुम्ही? फार पूर्वी एका खळ्यावर म्हातारा चांद्या मधल्या खांबाजवळून फिरायचा आणि त्याचा तरुण मुलगा मोरा बाहेरून.

"बाबा, तुमची मजा आहे! लहान फेरी तुम्हाला, लांबची मला," मोरा चिडून म्हणाला. तो बापाशेजारी चाराही खाईना.

एकदा मोरा अडून बसला, तेव्हा धन्याने त्याला आत खांबाजवळ बांधलं आणि चांद्याला बाहेर. जागच्या जागी वळून त्याचे पाय भरून आले, दाव्याने मान सोलवटली.

"रोज असंच होतं, बाबा?"

"होतं रे. पण बाहेरची फेरीही सोपी नाही. आज मलाच धाप लागली."

दुसऱ्या दिवशी सकाळी दोघांनी एकाच गव्हाणीत चारा खाल्ला.