गोडबावच्या आडव्या होड्या

फार वर्षांपूर्वी, म्हणजे नेमकं किती, ते गोडबावात कुणाला विचारू नये. विचारलं तर दर घरी वेगळा आकडा सांगतात आणि वर जेवायला बसवून घेतात. तर फार वर्षांपूर्वी त्या गावात धाकू मेस्त नावाचा सुतार होता. होड्या बांधायचा. गावापुढे समुद्र, आणि दोघांच्या मधे उंडीच्या झाडांची दाट रांग. उंडी बाराही महिने हिरवी. जाड चकचकीत पानं, पांढरी वासाची फुलं, आणि लाकूड असं की खाऱ्या पाण्यात कुजता कुजत नाही. त्या रांगेच्या मागे गावची एकुलती एक विहीर. समुद्र हाकेवर, पण पाणी शहाळ्यासारखं! बाव म्हणजे विहीर, म्हणून तर गावाचं नाव गोडबाव.

धाकूने उंडीच्या बुंध्याला तळवा लावला, की आत कोणती होडी निजली आहे ते त्याला कळायचं, असं म्हणतात. मग तो हलक्या हाताने वाकस, म्हणजे लाकूड तासायचं हत्यार, चालवायचा आणि तिला जागी करायचा. त्याच्या होड्या वाट चुकत नसत. वल्हवणारा डुलकी काढत असला तरी होडी आपली आपण बंदराला यायची. अशी होडी कुणाला नको? जो तो येऊन म्हणे, "मेस्ता, एक झाड तर लागणार!" आणि धाकूच्या हाताचं कुणी कौतुक केलं की संपलंच, गडी लगेच कुऱ्हाड खांद्यावर टाकायचा. असं करता करता रांग विरळ झाली. शेवटच्या झाडाची होडी आबजी तांडेलाने बांधून घेतली. तांडेल म्हणजे मासेमारांचा म्होरक्या, त्याला नाही कोण म्हणणार? त्या दिवशी सगळा गाव नाचला.

पुढच्या उन्हाळ्यात वारा सुटला, तो सरळ घरात शिरला. येताना वाळू घेऊन आला. पेजेत वाळू, पाळण्यात वाळू, देवाच्या डोक्यावर वाळू. मग ती विहिरीत उतरायला लागली. बायका सकाळी टोपल्या भरभरून उपसायच्या, दुपारपर्यंत पुन्हा तेवढीच. पाणी खाली गेलं, मचूळ लागायला लागलं. विहीर बुजली तर गाव उठणार, हे पोरासोरांनाही कळत होतं. कुणी धाकूला तोंडावर बोललं नाही, पण तो ताट सरकवून विहिरीशी जाऊन बसायचा.

त्याची बायको सरसू मात्र बोललीच. "झाडां तुमी तोडलास. आता रडतास कित्याक? लावा!"

धाकूने लावली. उंडीच्या बिया पुरल्या, पावसात रोपं वर आली, आणि चैत्राच्या खाऱ्या वाऱ्याने करपून गेली. पुढच्या वर्षी तेच. झावळ्यांचं कुंपण घातलं, तर ते उडून कुणाच्या तरी परड्यात. शेवटी तो स्वतःच एका रोपापुढे वाऱ्याकडे पाठ करून बसला. पण एका माणसाची पाठ ती केवढी?

एका दुपारी तो थकून किनाऱ्यावरच्या एका होडीच्या आडोशाला कलंडला. होडी कुशीवर पडलेली होती. वारा एकदम थांबला. डोळे जड झाले, आणि लाकडातून त्याला पानांची सळसळ ऐकू आली. अख्ख्या रांगेची सळसळ! तो दचकून उठला, तर पायाशी, होडीच्या सावलीत, उंडीचं एक रोप. हिरवंगार. न करपलेलं.

धाकू धावत सुटला. गाव गोळा करून म्हणाला, "होडयो माका दिया. आडव्यो घालूया, वाऱ्याच्या तोंडार. तीन उन्हाळे."

आबजी तांडेल भडकला. "होडयो आडव्यो घातल्यो तर आमी खातलंव काय?"

"पाणीच नाय तर मासे शिजवतलास कशात?"

आणखी एक गोष्ट धाकूने लपवली नाही. होडी उन्हात पडून राहिली की उलते, फळ्या सुटतात. या होड्या परत पाण्यात जाणार नव्हत्या. जन्मभराची कमाई होती ती, त्याच्या हातांची. हे सांगताना त्याला रडू फुटलं आणि त्याने डोळे पुसलेही नाहीत.

कुणी हलेना. तेव्हा सरसू उठली, पदर खोचला आणि थेट आबजीच्या होडीला खांदा लावला. बाईमाणसाला होडी काय हलते! पण आबजीला ते बघवेना. तो पुटपुटत, शिव्या घालत उठला आणि दुसऱ्या बाजूने लागला. मग सगळेच उठले.

तीन उन्हाळे गोडबावाने खडकावरच्या शिंपल्या आणि नाचणीच्या पेजेवर काढले. होड्या उलत गेल्या. धाकू रोज एकेकीवरून हात फिरवायचा आणि म्हणायचा, "बाय माझी, जरा कळ काढ." आडोशाला रोपं कमरेएवढी झाली, मग डोक्याएवढी. विहिरीचं पाणी परत चढलं. सरसूने पहिली ओंजळ धाकूला पाजली. त्या चवीने तो लहान मुलासारखा हसला म्हणे.

आणि मग वाळक्या फळ्यांना पालवी फुटली, असं म्हणतात. होड्यांनी मुळं धरली, फांद्या काढल्या, आणि वारा आला की त्या नांगरल्यासारख्या जागच्या जागी डुलायला लागल्या. सगळा किनारा फुलांच्या वासाने भरून गेला. सरसू पेज घेऊन आली, तर धाकू नेहमीच्या जागी नव्हता. त्याचा वाकस तेवढा होता. हाका मारून तिचा घसा बसला. मग वरून, पानांतून, वाकस चालल्यासारखा सावकाश ठोका ऐकू आला, आणि ती तिथेच खाली बसून राहिली. तेव्हापासून धाकू त्या झाडांतच उभा राहून वारा अडवतो, असं गाव मानतं.

आज गोडबावातल्या होड्या फायबरच्या आहेत, इंजिनाच्या. उंडीची एक ढलपीसुद्धा त्यांना लागत नाही. तरी नवी होडी आली की तिला आधी समुद्र दाखवत नाहीत. उंडीचं वीतभर रोप लावतात, आणि त्या रोपाच्या वाऱ्याच्या बाजूला होडी दिवसभर कुशीवर आडवी ठेवतात. मालक कितीही घाईचा असो, त्या दिवशी तो रोपाशेजारी बसून राहतो. दिवस मावळला की उठतो, होडीला हात लावतो आणि म्हणतो, "धाकू, आजचो वारो आमी अडवलंव. तू जरा नीज."